ठिणगीचा हिशेब

आपल्या विद्यालयाच्या प्रयोगशाळेत, खिडकीलगतच्या कपाटाच्या सर्वांत खालच्या फळीवर एक काळी तबकडी आणि एक स्टीलची ताटली अनेक वर्षांपासून शेजारी शेजारी ठेवलेली आहे. तबकडी म्हणजे ग्रामोफोनची एक जुनी रेकॉर्ड. ताटलीच्या मध्यभागी औषधाची रिकामी प्लॅस्टिकची बाटली मूठ म्हणून चिकटवलेली आहे. या दोन वस्तूंसाठी शाळेला काहीही खर्च करावा लागला नाही. तरी विज्ञान प्रदर्शनाच्या दिवशी जितकी गर्दी या जोडीभोवती जमत असे, तितकी विकत आणलेल्या कोणत्याही उपकरणाभोवती कधी जमली नाही.

माजी विद्यार्थ्यांना ते दिवस आठवत असतील. डिसेंबर-जानेवारीतील कोरडी सकाळ, प्रार्थनेनंतरचा पहिला तास, आणि घोंगडीच्या तुकड्याने रेकॉर्ड घासण्यासाठी लागलेली मुलांची रांग. ताटली ठेवायची, बोट लावायचे, बोट काढायचे, ताटली उचलायची. आणि मग बोट पुन्हा जवळ नेले की चट् असा आवाज होऊन निळसर ठिणगी उडायची. वसतिगृहातील मुलांनी तिचे नाव 'चटका ताटली' असे ठेवले होते. या उपकरणाचे शास्त्रीय नाव इलेक्ट्रोफोरस.

स्मरणिकेसाठी विज्ञानविषयक लेख लिहावा अशी सूचना आली, तेव्हा आम्ही याच उपकरणाची निवड केली. त्यामागे एक कारण आहे. इलेक्ट्रोफोरस कसा चालतो, याविषयी आम्ही विद्यार्थ्यांच्या अनेक तुकड्यांना एक चुकीची गोष्ट सांगितली आहे. ती दुरुस्त करण्याची याहून योग्य जागा आम्हांस सापडली नाही. ज्यांना ती सांगितली, त्यांतील बहुतेकांच्या हाती ही स्मरणिका जाणार आहे.

उपकरण आणि त्याची रीत

इलेक्ट्रोफोरसचे भाग दोनच. पहिला भाग म्हणजे वीज वाहू न देणाऱ्या पदार्थाची सपाट तबकडी. जुन्या काळी ती राळ, लाख, मेण अशा पदार्थांची वडी असे. आमच्याकडे तिच्या जागी रेकॉर्ड आहे. दुसरा भाग म्हणजे धातूची सपाट चकती आणि तिला बसवलेली विसंवाहक मूठ. मूठ काचेची, प्लॅस्टिकची किंवा रेशमी दोऱ्यांची चालते. हाताच्या वाटेने चकतीवरील वीज जमिनीत निघून जाऊ नये, एवढेच मुठीचे काम.

रीत पाच पायऱ्यांची आहे. प्रथम तबकडी लोकरीने घासावी. घासल्याने लोकरीतील काही इलेक्ट्रॉन तबकडीवर येतात आणि तबकडी ऋणप्रभारित होते. दुसऱ्या पायरीत मुठीने धरून चकती तबकडीवर ठेवावी. तिसऱ्या पायरीत चकतीला बोटाने क्षणभर स्पर्श करून बोट काढून घ्यावे. या वेळी एक बारीकशी ठिणगी बोटाला जाणवते. चौथ्या पायरीत चकती मुठीने धरून वर उचलावी. पाचव्या पायरीत तिच्याजवळ बोट न्यावे. आता आधीपेक्षा मोठी ठिणगी उडते.

यानंतर तबकडी पुन्हा घासावी लागत नाही. चकती ठेवावी, बोट लावावे, काढावे, उचलावी. प्रत्येक वेळी ठिणगी मिळते. हवा कोरडी असेल, तर एकदा घासलेली तबकडी पुष्कळ वेळ हे काम करीत राहते. या उपकरणाचे सारे आश्चर्य या एका गोष्टीत साठलेले आहे, आणि आमची चूकही याच ठिकाणी घडली.

स्टॉकहोम, कोमो आणि एक पत्र

अठराव्या शतकाच्या मध्यात युरोपमध्ये विजेचे प्रयोग करणे सोपे नव्हते. वीज मिळवायची तर काचेचा गोळा चक्राने गरगर फिरवायचा आणि त्यावर हात किंवा चामडे दाबून धरायचे. घर्षण थांबले की वीजही थांबायची. १७४५-४६ च्या सुमारास लायडन पात्राचा शोध लागल्यामुळे वीज साठवण्याची सोय झाली. परंतु साठवलेली वीज एका झटक्यात संपून जाई.

स्टॉकहोममधील भौतिकशास्त्रज्ञ योहान कार्ल विल्के यांनी १७६२ मध्ये अशा एका रचनेचे वर्णन केले, जिच्यात एकदा प्रभारित केलेल्या विसंवाहकापासून पुन्हा पुन्हा वीज मिळत असे. तथापि त्या वेळी तिच्याकडे फारसे लक्ष गेले नाही. पुढे तेरा वर्षांनी उत्तर इटलीतील कोमो या गावच्या शाळेत शिकवणाऱ्या एका तरुण अध्यापकाने हेच तत्त्व सुटसुटीत, कोणालाही करून पाहता येईल अशा रूपात मांडले. त्यांचे नाव आलेस्सांद्रो व्होल्टा. त्या वेळी त्यांचे वय तीस वर्षांचे होते. १० जून १७७५ रोजी त्यांनी इंग्लंडमधील जोसेफ प्रीस्टली यांना पत्र लिहून आपल्या उपकरणाची माहिती कळवली. प्रीस्टली हे विजेच्या अभ्यासाचा इतिहास लिहिणारे मान्यवर शास्त्रज्ञ होते.

व्होल्टा यांनी उपकरणास जे नाव दिले, त्याचा अर्थ 'विजेचा निरंतर वाहक' असा होतो. 'निरंतर' हा शब्द लोकांच्या मनात ठसला. चाक नको, मदतनीस नको, सतत घासणे नको. एक वडी आणि एक चकती एवढ्यावर घरबसल्या हवी तितकी वीज मिळते, ही वार्ता युरोपभर पसरली आणि ठिकठिकाणी इलेक्ट्रोफोरस तयार होऊ लागले. शोध लावण्यात विल्के आधीचे आणि तो जगापुढे नेण्यात व्होल्टा पुढचे. दोघांनाही आपापले श्रेय देणे उचित होय.

आमचे उत्तर

आता आमच्या चुकीविषयी. वर्गात आम्ही असे सांगत असू : "तबकडीवर प्रभार आहे. चकती तिच्यावर ठेवली की त्यातील थोडा प्रभार चकतीत येतो. चकती उचलली की तो तिच्याबरोबर वर येतो आणि ठिणगी पडते." ऐकायला हे सरळ वाटते. डब्यातील पीठ वाटीने काढावे, तसा प्रभार चकतीने काढायचा.

एका वर्षी आठवीच्या वर्गात एका विद्यार्थिनीने विचारले, "सर, चकती दर वेळी प्रभार घेऊन जाते, तर खालचा प्रभार संपत का नाही?" आम्ही उत्तर दिले, "हळूहळू संपतो." तिने पुन्हा विचारले, "किती वेळानंतर?" आम्ही म्हणालो, "ते मोजून पाहा."

तिने खरोखरच मोजले. शनिवारी संध्याकाळी परवानगी घेऊन ती प्रयोगशाळेत बसली. तबकडी एकदाच घासली आणि दर ठिणगीला वहीत एक रेघ ओढली. सोमवारी तिने वही आमच्यापुढे ठेवली. पाच-पाच रेघांचे गठ्ठे ओळीने मांडलेले होते आणि शेवटी लिहिले होते : 'एकूण १११ वेळा. शेवटची ठिणगी पहिलीएवढीच. रविवारी सकाळी न घासता पुन्हा पाहिले. ठिणगी आहे.'

हा पुरावा आमच्या उत्तराच्या विरुद्ध होता. वाटीने एकशे अकरा वेळा पीठ काढूनही डबा भरलेलाच राहत असेल, तर वाटी त्या डब्यातून पीठ काढतच नाही, हे उघड आहे. पण आम्ही तसे म्हणालो नाही. "तबकडीत प्रभार भरपूर असतो," असे सांगून आम्ही पुढचा धडा घेतला. तिने वही मिटली. त्या वर्षी तिने वर्गात पुन्हा प्रश्न विचारल्याचे आम्हांस आठवत नाही.

खरे कारण

त्यानंतर काही वर्षांनी दुसऱ्या एका तुकडीसमोर हाच प्रयोग करीत असताना आम्ही जुन्या टेस्टरमधील निऑनचा चिमुकला दिवा वापरला. बोटाऐवजी दिव्याचे एक टोक हातात धरायचे आणि दुसरे चकतीला लावायचे. अंधारात दिवा क्षणभर लुकलुकतो. या दिव्यात दोन बारीक तारा समोरासमोर असतात आणि जी तार ऋण बाजूची असेल, तीच उजळते. आम्ही पाहिले तर चकती तबकडीवर असताना दिवा लावला की चकतीकडील तार उजळे आणि चकती उचलल्यावर लावला की हाताकडील तार उजळे. याचा अर्थ पहिल्या वेळी इलेक्ट्रॉन चकतीतून हाताकडे जात होते आणि दुसऱ्या वेळी हातातून चकतीकडे येत होते. उचललेली चकती धनप्रभारित होती. तबकडी तर ऋणप्रभारित. तबकडीचा प्रभार चकतीत आला असता, तर दोन्ही सारखेच असते. आमचे इतक्या वर्षांचे स्पष्टीकरण त्या इवल्या उजेडात खोटे ठरले.

प्रत्यक्षात घडते ते असे. तबकडी विसंवाहक असल्यामुळे तिच्यावरील ऋणप्रभार जागचा हलत नाही. जिथे घासला गेला तिथेच तो बसून राहतो. शिवाय दोन पृष्ठभाग डोळ्यांना कितीही सपाट दिसले, तरी ते फार थोड्या बिंदूंवर एकमेकांना टेकतात. त्यामुळे तबकडीतून चकतीत जवळजवळ काहीच जात नाही.

परंतु चकती धातूची आहे आणि धातूतील इलेक्ट्रॉन मोकळे असतात. खालच्या ऋणप्रभारामुळे ते दूर लोटले जातात आणि चकतीच्या वरच्या बाजूला जमतात. खालच्या बाजूला इलेक्ट्रॉनांची उणीव, म्हणजे धनप्रभार, राहतो. चकतीत एकूण इलेक्ट्रॉन तेवढेच आहेत; फक्त त्यांच्या जागा बदलल्या आहेत. प्रभारित वस्तूच्या केवळ सान्निध्यामुळे दुसऱ्या वस्तूत होणाऱ्या या फेरमांडणीस प्रवर्तन म्हणतात.

याच अवस्थेत चकती उचलली, तर ठिणगी मिळत नाही. चकती दूर जाताच वर जमलेले इलेक्ट्रॉन पुन्हा खाली पसरतात आणि सर्व पूर्ववत होते. पहिल्यांदाच प्रयोग करणारी मुले बोट लावायला विसरतात आणि "ताटली बिघडली" म्हणून तक्रार करतात, ती यामुळेच.

म्हणून बोटाचा स्पर्श निर्णायक आहे. बोट लावताच वर जमलेल्या इलेक्ट्रॉनांना शरीराच्या वाटेने जमिनीकडे जाण्याचा मार्ग मिळतो आणि ते निघून जातात. तीच पहिली बारीक ठिणगी. बोट काढले की वाट बंद होते. आता चकतीत इलेक्ट्रॉन कमी आहेत; ती धनप्रभारित झाली आहे. मात्र हा धनप्रभार खालच्या ऋणप्रभाराने धरून ठेवलेला असल्यामुळे बाहेर जाणवत नाही. चकती उचलली की तो मोकळा होतो, सगळ्या चकतीवर पसरतो आणि जवळ आणलेल्या बोटातून इलेक्ट्रॉन झेप घेऊन चकतीत येतात. हीच मोठी ठिणगी.

या सर्व प्रकारात तबकडीवरील प्रभार खर्चच झाला नाही. तो ज्या जागी होता, त्याच जागी आहे. चकतीतून जे गेले ते जमिनीत गेले आणि जे आले ते जमिनीकडून आले. तबकडीचा प्रभार कमी होतो तो फक्त हवेतील ओलाव्यामुळे, हळूहळू गळून. वहीतल्या १११ रेघांचे उत्तर हे आहे.

व्होल्टा यांच्या काळी इलेक्ट्रॉन ठाऊक नव्हता. त्याचा शोध १८९७ मध्ये जे. जे. थॉमसन यांनी लावला. तेव्हाचे शास्त्रज्ञ विजेला एक सूक्ष्म द्रव समजत. तरीही प्रभारित वस्तूजवळ दुसऱ्या वस्तूतील वीज स्थलांतर करते, ही गोष्ट इंग्लंडमधील जॉन कँटन यांनी १७५३ मध्येच प्रयोगांनी दाखवली होती. सूक्ष्म कण अज्ञात असूनही प्रयोगाच्या आधारे माणसे खऱ्या कारणाच्या इतक्या जवळ पोहोचली होती, हे लक्षात घेण्यासारखे आहे.

मग ऊर्जा कोठून येते?

येथे चाणाक्ष वाचक विचारील की, तबकडीतून काही खर्च होत नसेल, तर दर ठिणगीबरोबर जो प्रकाश, जो आवाज, जी ऊब बाहेर पडते, ती कशाच्या बळावर? 'निरंतर वाहक' हे नाव खरे मानले, तर हे फुकटच्या ऊर्जेचे यंत्र ठरेल. आणि फुकटची ऊर्जा निसर्गात कोठेच नाही.

उत्तर चौथ्या पायरीत आहे. बोट काढल्यानंतर चकती धन आणि तबकडी ऋण असते. धन आणि ऋण एकमेकांना ओढतात. चकती उचलताना आपला हात तिच्या वजनाविरुद्ध तर काम करतोच, शिवाय या ओढीविरुद्धही करतो. हे जादा श्रम विद्युत ऊर्जेच्या रूपाने चकतीत साठतात आणि ठिणगीत बाहेर पडतात. लोहचुंबकाला चिकटलेले खिळे आपण एकामागून एक ओढून काढले, तर चुंबक झिजत नाही. श्रम हाताला पडतात. तबकडीचे काम त्या चुंबकासारखे आहे.

याचा हिशेबही मांडता येतो. चकतीचा व्यास २० सेंटिमीटर असेल आणि उचलल्यावर ती सुमारे २०,००० व्होल्टपर्यंत पोहोचत असेल, तर तिच्यातील ऊर्जा सुमारे दीड मिलिज्यूल भरते. १०० ग्रॅम वजनाची वस्तू एक सेंटिमीटर उचलण्यास सुमारे १० मिलिज्यूल लागतात. म्हणजे ठिणगीमागचे श्रम याच्या सातव्या भागाइतके. सुरुवातीस चकती व तबकडी यांमधील ओढ साडेतीन ग्रॅम वजनाच्या जवळपास असते. इतकी अल्प असल्यामुळेच ती हाताला जाणवत नाही, आणि जाणवत नाही म्हणून आपण तिला हिशेबात धरत नाही. आम्ही चकतीला रेशमी दोरा बांधून ती तराजूच्या एका बाजूला टांगली आणि दुसऱ्या पारड्यात वजने घालून ती तबकडीवरून उचलून पाहिली. बोट लावल्यानंतर ती उचलण्यास दर वेळी आधीपेक्षा काही ग्रॅम अधिक घालावे लागले. हाताला जे कळत नव्हते ते तराजूने सांगितले.

आणखी एका बाजूने पाहू. बोट लागलेले असताना चकतीचा विद्युतदाब जमिनीइतका, म्हणजे शून्य असतो. उचलल्यावर तो हजारो व्होल्ट होतो. या दोहोंच्या मध्ये चकतीला काहीच जोडलेले नाही. मधल्या वेळात घडले ते एकच : कोणीतरी ती उचलली. ठिणगीचा धनी तोच.

पालकांपैकी कोणाच्या मनात वीस हजार व्होल्ट हा आकडा वाचून भीती निर्माण होईल. घरातील २३० व्होल्टची वीज प्राणघातक ठरू शकते, कारण तिच्यामागे वीज सतत पुरवणारे केंद्र असते. चकतीत मात्र प्रभाराचा साठा इतका अल्प असतो की एका क्षणात तो संपतो आणि टाचणी टोचल्याएवढेच जाणवते.

पुढे काय झाले

या साध्या उपकरणाने व्होल्टा यांना पुढची वाट दाखवली. चकती जवळ असताना तिच्यात प्रभार अधिक मावतो आणि दूर नेताच विद्युतदाब वाढतो, या निरीक्षणावरून त्यांनी १७८२ मध्ये अतिसूक्ष्म वीज ओळखण्याचे साधन मांडले. त्या साधनामुळे दोन भिन्न धातूंच्या संपर्कातून निर्माण होणारी क्षीण वीज त्यांना पकडता आली, आणि १८०० साली जगातील पहिली विद्युत घटमाला तयार झाली. आज विद्युतदाबाच्या एककास व्होल्ट म्हणतात ते त्यांच्याच नावावरून.

दुसरी वाट धुळीतून निघाली. जर्मनीतील गॉटिंगन येथे प्राध्यापक गेओर्ग क्रिस्टोफ लिश्टेनबर्ग यांनी १७७७ मध्ये फार मोठा इलेक्ट्रोफोरस तयार केला. वडी घासून गुळगुळीत करताना खोलीत राळेची बारीक धूळ उडाली होती. ती वडीवर बसली तेव्हा ती सारखी पसरली नाही. ठिकठिकाणी चांदण्यांसारख्या व फांद्यांसारख्या आकृती उमटल्या. जिथे प्रभार होता तिथे धूळ धरली गेली होती. डोळ्यांना न दिसणारा प्रभार प्रथमच चित्ररूपाने दिसू लागला. धन व ऋण विजेसाठी अधिक आणि उणे ही चिन्हे रूढ करण्याचे श्रेयही लिश्टेनबर्ग यांना दिले जाते. पुढे गंधक व शेंदूर यांची मिसळलेली पूड वापरून धन व ऋण जागा पिवळ्या व तांबड्या रंगांनी वेगळ्या दाखवण्याची युक्ती निघाली. (शेंदरात शिसे असते, मुलांनी हा प्रयोग करू नये.)

प्रभारावर पूड चिकटते, एवढीच ही गोष्ट. पण तिच्यातून जे घडले ते आज प्रत्येकाच्या परिचयाचे आहे. २२ ऑक्टोबर १९३८ रोजी न्यूयॉर्कच्या ॲस्टोरिया भागातील एका खोलीत चेस्टर कार्लसन यांनी गंधकाचा लेप दिलेला जस्ताचा पत्रा रुमालाने घासून प्रभारित केला. त्यावर अक्षरे लिहिलेली काच ठेवून प्रकाश टाकला. जिथे प्रकाश पडला तिथला प्रभार निघून गेला, अक्षरांच्या सावलीतला राहिला. वरून भुरभुरलेली पूड अक्षरांवर चिकटली, ती मेणकागदावर उतरवली, आणि तारीख व ठिकाण यांची पहिली कोरडी प्रत तयार झाली. कार्लसन यांचे बालपण गरिबीत गेले होते. आजारी आईवडिलांचा भार त्यांनी विद्यार्थिदशेतच उचलला होता. त्यांच्या शोधावर आधारलेले पहिले यशस्वी कार्यालयीन यंत्र बाजारात येण्यास १९५९ साल उजाडले. शाळेच्या प्रवेशासाठी, शिष्यवृत्तीसाठी, दाखल्यांसाठी आपण सर्वांनी ज्या असंख्य 'झेरॉक्स' काढल्या, त्यांची पूर्वपीठिका अशी घासलेल्या वडीवरील धुळीपर्यंत पोहोचते.

घरी करून पाहावयाचे असल्यास

जुनी रेकॉर्ड नसेल तर थर्मोकोलचा किंवा पीव्हीसीचा सपाट तुकडा चालतो. घासण्यासाठी लोकर घ्यावी. जुन्या घोंगडीचा तुकडा उत्तम. चकती म्हणून कडा आत वळवलेली, सपाट बुडाची स्टीलची ताटली घ्यावी. कडा धारदार असल्यास प्रभार टोकांतून हवेत निसटतो. मुठीसाठी कोरडी प्लॅस्टिकची बाटली चिकटवावी. सर्व वस्तू उन्हात चांगल्या वाळवाव्यात. पावसाळ्यात हा प्रयोग बहुधा फसतो; आमच्याकडेही जून ते सप्टेंबर ताटली विश्रांती घेते. गॅसची शेगडी, रॉकेल, पेट्रोल यांच्या जवळ हा प्रयोग मुळीच करू नये, कारण ठिणगी इवली असली तरी ज्वालाग्राही वाफ पेटवण्यास पुरेशी असते. व्होल्टा यांनी स्वतः सरोवराच्या गाळातून निघणारा वायू अशाच विद्युत ठिणगीने पेटवून दाखवला होता.

प्रयोग करताना एकेक पायरी मुद्दाम चुकवून पाहावी. बोट लावू नये आणि उचलावे. बोट न काढता उचलावे. चकतीऐवजी प्लॅस्टिकचे झाकण ठेवावे. प्रत्येक वेळी ठिणगी का आली नाही, याचे कारण मुलांना सांगू द्यावे. ठिणगी पाडून दाखवणे सोपे आहे. ती कोणत्या कारणाने पडते आणि कोणते कारण काढून घेतले म्हणजे पडत नाही, हे ज्याला सांगता आले, त्याला प्रयोग कळला. असे मूल पुढे कोणी हातचलाखीने ठिणगी पाडून तिला चमत्कार म्हणू लागला, तर पहिल्यांदा त्याची मूठ कशाची आहे ते पाहील.

शेवटी

ज्या विद्यार्थिनीने १११ ठिणग्या मोजल्या, ती आता मोठी झाली असेल. हा लेख तिच्या हाती पडेल की नाही, ठाऊक नाही. तिचा प्रश्न बरोबर होता, तिचे मोजमाप बरोबर होते आणि आमचे उत्तर चूक होते. "आम्हांला माहीत नाही, आपण मिळून शोधू," एवढे म्हणण्यास त्या सोमवारी आम्हांला काहीच खर्च आला नसता. ते आम्ही म्हणालो नाही, याची खंत आहे.

ती वही तिच्याकडे असेल तर तिने ती जपून ठेवावी. प्रयोगशाळेतील त्या कपाटावर आम्ही आता एक कागद लावला आहे. त्यावर लिहिले आहे : 'तबकडीचा प्रभार संपत नाही. का, ते स्वतः शोधा. गुरुजींचे उत्तर पटले नाही, तर पुन्हा विचारा.'